नाल्याकाठचा तांदळा

१

देव चोरीला जातो तो मुकुटापायी, नाहीतर दानपेटीपायी. बोरखळीच्या नाल्याकाठच्या म्हसोबाला मुकुट नव्हता आणि पेटीही नव्हती. कमरेएवढी दगडी घुमटी, आत उभ्या नारळाएवढा शेंदराचा तांदळा आणि त्यावर बसवलेले पितळेचे दोन डोळे. नाकतोंड असं काही नाहीच. असा हा ओबडधोबड देव पौषातल्या एका सकाळी जागेवर नव्हता. आणि ती सकाळ नेमकी मोठ्या कार्यक्रमाच्या आदल्या दिवसाची.

त्या कार्यक्रमासाठीच भीमराज भिंगारदिवे केडगावहून आले होते. उभी हयात रेल्वेत रूळ तपासण्यात घालवून निवृत्त झालेला माणूस. बोलणं कमी, बघणं जास्त. चौऱ्याहत्तर साली बोरखळीच्या पुलावर पहाटेची पॅसेंजर रुळावरून घसरली आणि इंजिनासकट दोन डबे नाल्यात गेले. त्याला आता पन्नास वर्षं होत होती. मेलेल्यांच्या नावांची शिळा उद्या नाल्याकाठी उभी राहायची होती, आणि रेल्वेतला कुणी म्हणून भीमराजांनी दोन शब्द बोलायचे होते.

ते रिक्षातून उतरतात न उतरतात तोच सोपान पटारे सामोरे आले. स्मारक समितीचे अध्यक्ष. त्यांचे वडील त्याच गाडीत गेले होते.

"साहेब, घोटाळा झाला. म्हसोबा गेला."

"गेला म्हणजे?"

"न्हेला कुनीतरी. आन कुनी न्हेला ते बी ठावं हाय. ड्रायव्हरचा नातू, समर्थ वाकचौरे."

मग त्यांनी चालता चालता सगळं सांगितलं. त्या गाडीचा ड्रायव्हरही मेला होता. पण रेल्वेच्या चौकशीत ठपका त्याच्यावरच आला, पुलावर गाडी बेफाम हाणली म्हणून. त्याची बायको मालनबाई अजून गावातच होती. शिळेवर नवऱ्याचंही नाव यावं म्हणून ती समितीच्या पायऱ्या झिजवत होती. काल समितीनं नाही म्हणून सांगितलं, आणि समर्थ भर बैठकीत ओरडला, "माझ्या आज्याला जागा न्हाई, तर तुमच्या म्हसोबाला तरी कशाला?"

"आता तुमीच सांगा," सोपानराव म्हणाले. "पोलिसांना बोलवावं तर उद्याच्या कार्यक्रमाचं वाटोळं. तुमी तिऱ्हाईत. तुमचा म्हसोबावर इस्वास न्हाई, म्हंजे कुनाची बाजू बी न्हाई. दिवस मावळेपर्यंत विचारून बघा. देव आला तर ठीक. न्हाई आला तर समर्थवर केस, आन मालनबाईनं नावाचा विषय पुन्यांदा काढायचा न्हाई. कायमचा बंद."

भीमराज घुमटीपाशी वाकले. जोत्याच्या दगडावर शेंदराच्या खपल्या पडल्या होत्या. देव जिथे टेकलेला असे तिथे चहा सांडून वाळावा तसा तांबूस, जुना डाग होता. त्यांनी त्यावर बोट घासलं आणि बोटाकडे जरा वेळ बघत राहिले. डागाच्या मधोमध, तांदळाच्या चिमटीवर, हळदकुंकू वाहिलेली एक सुपारी होती.

"ही सुपारी कुणी मांडली?"

"भागूबाईनं आसंल. पुजारीन हाय ती हितली."

"सकाळी आधी कोण आलं? तुम्ही की त्या?"

"म्या. ती मागनं आली, आन आली तशी जोत्याला डोकं टेकून रडायलाच बसली." सोपानराव बोलता बोलता थांबले. त्यांची टोपी हातात आली. "पर साहेब... म्या आलो तवाच सुपारी हुती की हो."

२

मालनबाईचं घर गावाच्या कडेला, पत्र्याचं. दारात गाय उसाचं वाढं खात होती. समर्थ मोटारसायकलवर बसून होता, पण ती चालू करत नव्हता. तिशीतला, कारखान्यात नोकरीला असलेला गडी.

"या," तो म्हणाला. "घराची झडती घ्यायचीय का? घ्या. पलंगाखाली बघा, म्हसोबा झोपला आसंल."

"झडती घ्यायला मी पोलीस नाही," भीमराज म्हणाले. "एकच विचारतो. देव जागेवरून हलवायचा तर आधी काय करतात?"

"काय करत्यात? दोन हातानं धरायचा आन उचलायचा. त्यात एवढं काय?"

आतून म्हातारा आवाज आला, "येड्या, आधी जाग्यावर सुपारी मांडावी लागती. देवाला सांगावं लागतं, तुला हितनं तिकडं न्हेतो म्हनून. जागा मोकळी ठेवू न्हाई."

मालनबाई दारात आल्या. वाकलेल्या, पण नजर सरळ.

"तुम्हाला बरं ठाऊक," भीमराज म्हणाले.

"सगळ्या बायांना ठावं आसतं. पर त्या घुमटीला म्या कधी पाय लावला न्हाई. कोनत्या तोंडानं जाऊ? गाव म्हनतं, तुझ्याच मानसानं मारली ही मानसं."

"तुम्हाला काय वाटतं?"

त्या उंबऱ्यावर बसल्या. "वाटायचं काय? आमचं मानूस मला सांगायचं, पूल आला का म्या गाडी कशी न्हेतो ठावं हाय का? चुलीवरनं दुधाचं पातेलं उतरवावं तशी. आसा मानूस पुलावर इंजान हानील? मला दुसरं काय नको, सायेब. मेलेल्यात त्याचं नाव आसावं. त्यो बी मेलाच की."

समर्थ मान फिरवून गाईकडे बघत राहिला.

भीमराज निघताना मनाशी हिशेब करत होते. ज्याला सुपारीची रीत ठाऊक नाही, त्यानं ती मांडली नसणार. रागाच्या भरात देव उचलून नेणाऱ्याला हळदकुंकू सुचत नाही. समर्थ यातून सुटला होता; पण ही गोष्ट गावाला सांगून भागणार नव्हतं. गाव म्हणणार, सुपारी आजीनं शिकवली.

तेवढ्यात मागून समर्थची हाक आली.

"सायेब, आमाला इचारता, त्या दिशाताईला बी इचारा की. दुपारच्या गाडीनं पळायच्या तयारीत हाय. आन तिची पिशवी दोघांनी उचलावी लागती."

३

दिशा गुगळे श्रीरामपूरची. जिल्ह्यातल्या जुन्या रेल्वे अपघातांवर पुस्तक लिहीत होती. आठवडाभर ती शाळेच्या एका खोलीत मुक्कामाला होती, आणि भीमराज पोचले तेव्हा खरोखरच सामान बांधत होती. एक पिशवी खाली ठेवताना खणखणली.

"कार्यक्रमाला थांबणार नाही?"

"काम आलंय, काका."

"पिशवीत काय आहे, विचारू का?"

तिनं निमूट पिशवी उघडली. गंजलेले खिळे, रुळाखालच्या जुन्या स्लीपरच्या खुंट्या, तुटका बोल्ट. नाल्यातून वेचलेला भंगार माल. पुस्तकात फोटो द्यायला. भीमराजांनी एकेक वस्तू हातात घेऊन परत ठेवली. देव नव्हता.

"मग पळून का चाललीस?"

तिनं खिडकीबाहेर बघून घेतलं. "माझ्याकडून काल चूक झाली. व्हिडिओ काढायचा होता. मोबाईल धरायचं माझ्याकडे एक स्टँड आहे, खाली चुंबक असलेलं. ते मी घुमटीत नुसतं टेकवायला गेले, तर ते देवालाच जाऊन चिकटलं. खट्कन. मी घाबरून ओढलं, तर शेंदराची एवढी मोठी खपली निघून आली. आज सकाळी कळलं, देव नाही. मला वाटलं माझ्यामुळेच..." तिचा आवाज खाली गेला. "आम्ही जैन. आता गाव म्हणेल, हिनंच विटाळला."

"चिकटलं," भीमराज म्हणाले. "दगडाला चुंबक चिकटलं."

दिशा त्यांच्याकडे बघत राहिली. ही गोष्ट तिनं या बाजूनं धरलीच नव्हती.

"कुणी पाहिलं?"

"भागूबाईंनी. मला वाटलं रागावतील. तर काहीच बोलल्या नाहीत. खपली उचलून पदरात बांधली आणि एवढंच म्हणाल्या, 'परवा खोळ उतरवनार हायेत म्हनं.'"

भीमराजांना कार्यक्रमाची पत्रिका आठवली. शिळा बसल्यावर म्हसोबावरची शेंदराची जुनी जाड खोळ उतरवायची, देवाला स्नान घालायचं आणि नवा शेंदूर चढवायचा. सगळ्या गावासमोर. पन्नास वर्षांत कुणी न पाहिलेला देवाचा मूळ दगड उद्या सगळ्यांना दिसणार होता.

आणि तो दगड नव्हता.

४

भागूबाई शेलार एकट्याच राहत. त्यांचे यजमान कानिफनाथ रेल्वेत चावीवाले होते. म्हणजे रोज हातोडा आणि पाना घेऊन आपल्या हद्दीतला रूळ पायी बघत जायचा, ढिली चावी ठोकायची, तुटफूट दिसली तर कळवायची. अपघातानंतर नाल्याकाठी म्हसोबा बसवला तो त्यांनीच.

"मेलेल्यांना शांती मिळावी म्हनून बसवला," भागूबाई सांगत होत्या. त्यांनी स्टोव्हवर चहा ठेवला होता. डोळे सुजलेले होते. "त्या दिसापासनं मानूस धड झोपला न्हाई. उठायचा, नाल्यावर जायचा, शेंदूर लावायचा, यायचा. त्यो गेल्यावर म्या सुरू ठेवलं."

"दगड कुठून आणला होता?"

"कोन जानं. देवाचं मूळ कुनी इचारत न्हाई, भाऊ."

त्यांनी दोन कपांत चहा ओतला. एक भीमराजांपुढे ठेवला, दुसरा स्वतः बशीत ओतून फुंकर घालत प्यायल्या.

"समर्थवर आळ आलाय," भीमराज म्हणाले.

बशी मध्येच थांबली. "त्या पोरानं न्हाई न्हेला. तापट हाय, पन देवाला हात लावनारं न्हाई ते. तुमी सोपानला सांगा तसं."

"मी काय सांगू? पुरावा लागेल."

भागूबाईंनी चहा संपवून बशी पालथी घातली.

भीमराज बाहेर पडले ते पुन्हा मालनबाईंकडे गेले. दिवस कलला होता. पुरावा अजून हाती नाही, हे त्यांना सांगून टाकायला हवं होतं. मालनबाईंनी पाट दिला. "च्या टाकू का?"

"नको. आत्ताच भागूबाईंबरोबर झाला."

"तिनं दिला?"

"दिला. दोघंही प्यायलो."

मालनबाई हातातला लसूण सोलायच्या थांबल्या. "ती प्याली? तुमी डोळ्यानं बघितलं?"

"का हो?"

"म्हसोबाला आंघूळ घातल्याबिगर ती पान्याचा थेंब घेत न्हाई. तिचा नेम हाय त्यो. ताप आसू दे, पाऊस आसू दे, दुसऱ्या गावाला गेली तर उपाशी परत यील. आज देव जाग्यावर न्हाई, आन तिच्या घशाखाली च्या उतरला?"

भीमराज उठून उभे राहिले. "मालनबाई, चला माझ्याबरोबर. समर्थ, तू सोपानरावांना घेऊन ये. दिशालाही."

"कुठं?"

"जिथं आज देवाला आंघोळ घातली गेली, तिथं."

५

भागूबाईंच्या ओट्यावर सगळे जमले. मालनबाई पायरीखाली उभ्या राहिल्या. वर चढल्या नाहीत.

"मी कुणाला चोर म्हणणार नाही," भीमराज म्हणाले. "कारण हे चोरानं केलेलं काम नाही. ज्यानं देव हलवला त्यानं आधी त्याची परवानगी मागितली, जागेवर सुपारी मांडली. सोपानराव, तुम्हाला रीत ठाऊक आहे. पण तुम्ही तर उद्या वाजतगाजत हा देव उचलणारच होता. तो आज लपवून तुमचं काय साधणार? समर्थला ही रीतच माहीत नव्हती. दिशाला तर देवाला हात लागला म्हणूनच घाम फुटलाय."

"मंग ऱ्हायलं कोन?" सोपानराव म्हणाले, आणि म्हणता म्हणता त्यांनी भागूबाईंकडे पाहिलं.

"भागूबाई," भीमराज म्हणाले, "आज तुम्ही चहा घेतलात. तुमचा नेम मोडला असेल असं मला वाटत नाही."

भागूबाईंनी नाही म्हटलं नाही. ज्या बाईनं इतकी वर्षं नेम पाळला, तिला तो मोडल्याचं खोटंही बोलता येईना. त्या आत गेल्या. देव्हाऱ्यासमोर तांब्याचं घंगाळ पालथं घातलेलं होतं. ते त्यांनी उचललं. खाली पाटावर म्हसोबा होता. न्हालेला, ताजं फूल वाहिलेला.

"आगं, पन का?" सोपानराव ओरडले. "उद्याचा दिस आसा, आन तू..."

"खोळ उतरली आसती तर लोखंड दिसलं आसतं," भागूबाई म्हणाल्या. "ह्यो दगड न्हाई. ह्यो रूळ हाय. त्या पुलावरचा."



"त्या दिशी पयल्यांदा पोचला त्यो माझा मानूस. बघतो तर रूळ तुटलेला, आन हा तुकडा बाजूला पडलेला. त्याला वाटलं, चीर आधीच पडली आसंल आन मला दिसली न्हाई. म्या रोज बघत जातो, मला दिसली न्हाई, म्हंजे ही मानसं म्या मारली. जेल व्हईल, लेकरं रस्त्यावर येतील. साहेब लोकं यायच्या आत तुकडा कुठं टाकावा? पुरला तर उकरतील, नाल्यात टाकला तर गावंल. मंग त्यानं शेंदूर फासला. शेंदूर लावलेल्याला कुनी हात लावत न्हाई."

"आन चौकशी म्हनाली, ड्रायव्हरनं हानली," समर्थ दबक्या आवाजात म्हणाला.

मालनबाई खालूनच म्हणाल्या, "तुला हे कवा कळलं, भागू?"

"जाताना सांगितलं त्यानं."

"त्याला जाऊन किती दिस झाले?"

भागूबाईंनी खाली बघितलं. "समर्थ शाळंत जात हुता."

मालनबाईंनी ओट्याच्या खांबाला धरलं. समर्थचं लग्न होऊन त्याची मुलगी आता बालवाडीत जात होती.

६

"हा तुकडा मला बघू द्याल?" भीमराजांनी विचारलं. "खोळ काढावी लागेल. तुम्हीच काढा."

भागूबाईंनी हात जोडले, ओठातल्या ओठात काही म्हटलं, आणि कोमट पाणी, गोडंतेल आणि नारळाची शेंडी घेऊन बसल्या. शेंदराचे थर पापुद्र्यापापुद्र्यानं निघत गेले. पितळेचे डोळे त्यांनी वेगळे काढून ताटलीत ठेवले. बुडाशी गंज चढलेला होता, रोजचं पाणी तिथं साठत असे. वरचा भाग मात्र निघाला तो करडा, चकचकीत, जणू कालच तुटलेला.

"पुलाच्या लोखंडाला गंज चढू नये म्हणून आम्ही हाच लाल रंग मारायचो," भीमराज म्हणाले. "तेलात कालवलेला. तुम्ही दोघांनी रोज लावलात म्हणून हे एवढं राहिलं. नाहीतर आज वाचायला काही उरलं नसतं."

त्यांनी तुकडा उन्हात धरला. रुळाच्या टोकाचा भाग. एका कडेला बोल्टच्या भोकाचा अर्धा गोल दिसत होता. तुटलेल्या तोंडावर दाणेदार लखलखीत लोखंड होतं, पण भोकाभोवती मात्र कोयरीच्या आकाराचा काळपट पट्टा होता, कडा गुळगुळीत झालेल्या.

"आघातानं एका दमात तुटला असता तर सगळं तोंड सारखं चकचकीत दिसलं असतं. हा काळा भाग जुनी चीर आहे. महिनोन्महिने आतल्या आत वाढत गेलेली. कडाक्याच्या थंडीत रूळ आखडतो. त्या पहाटे गाडीचं ओझं आलं आणि उरलेलं तुटलं. गाडी किती वेगात होती ते हा तुकडा सांगू शकत नाही. पण वेगामुळे रूळ तुटला नाही. तो आधीच तुटायला आला होता. बाकीचा रूळ गाडीखाली चेचला गेला असणार; चौकशीच्या साहेबांना हा तुकडा मिळाला असता, तर ड्रायव्हरवर ठपका ठेवायला त्यांच्याकडे काही राहिलं नसतं."

भागूबाईंनी पदर तोंडाशी धरला. "म्हंजे त्यालाच दिसायला पायजे हुतं. माझ्याच मानसाला."

"नाही," भीमराज म्हणाले. "भोक बघा कुठं आहे. दोन रूळ जिथं जोडतात तिथं दोन्ही बाजूंनी लोखंडी पट्टी आवळलेली असते. ही चीर त्या पट्टीच्या आत होती. पट्टी वर्षातून एकदा, तेल घालायला खोलतात, आणि ते काम चावीवाल्याचं नव्हे. कानिफनाथांच्या जागी मी असतो, तरी मला दिसली नसती. कुणालाच दिसली नसती."

भागूबाईंना समजायला वेळ लागला. तुकड्याकडे बघत त्या म्हणाल्या, "मंग त्यानं हा दाखवला आसता तर?"

"तर दोघंही सुटले असते."

नाल्यापलीकडून मालगाडी गेली.

सोपानरावांनीच शेवटी घसा खाकरला. "आता ह्याला काय म्हनायचं, साहेब? देव का लोखंड?"

"मला विचाराल तर रूळ. बाकी तुमचं तुम्ही ठरवा."

"म्या उद्या बी पानी घालनार," भागूबाई म्हणाल्या.

मालनबाई पायरी चढून वर आल्या. भागूबाईंच्या समोर उभ्या राहिल्या. शिवी देतील की हात धरतील, कुणाला कळेना. त्यांनी दोन्हींतलं काहीच केलं नाही.

"पानी घाल न्हाईतर दूध घाल," त्या म्हणाल्या. "पन उद्या माईकवर तू सांगायचं. ह्या सायेबांनी न्हाई, समर्थनं न्हाई. तू."

७

भागूबाईंनी सांगितलं. माईक तोंडापासून फार लांब धरला होता, तरी मांडवातल्या शेवटच्या रांगेला ऐकू गेलं, कारण कुणी खोकलंसुद्धा नाही. काहीजणांना पटलं, काहींना नाही. एक म्हातारा उठून निघून गेला. भीमराजांनी नंतर तुकडा दाखवला, जे सांगायचं ते थोडक्यात सांगितलं आणि खाली बसले.

सोपानराव शिळेपाशी उभे होते. आपल्या वडिलांच्या नावावर त्यांनी तळहात ठेवला, मग काढला. कारागिराला म्हणाले, "ह्याच्या खाली घाल. लगेच. मानसं बसल्यात तवर."

कारागीर संगमनेरचा, तरणा. त्यानं खडूनं रेघ मारली आणि वर बघितलं. "नाव सांगा, आजी. कसं घालायचं?"

समर्थनं तोंड उघडलं. मालनबाईंनी हात वर करून त्याला थांबवलं. त्यांच्या वयाच्या बायका नवऱ्याचं नाव घेत नाहीत. लग्नात उखाणा घेतात तेवढाच. पुढं जन्मभर 'हे', 'आमचं मानूस', 'समर्थचा आजा'. बाजूच्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं.

मालनबाईंनी डोक्यावरचा पदर नीट केला.

"गोरक्षनाथ," त्या म्हणाल्या. मग मागं बसलेल्यांकडे तोंड फिरवून, जरा मोठ्यानं, पुन्हा एकदा.